खोकं बदललं, औषध तेच: पॅक्लिटॅक्सेल या नावाची गोष्ट

माझ्या मावशीला खोकं टाकवत नाही. औषधाचं असो की मिठाईचं, त्यात सुया, बटणं, देवाच्या वाती असं काहीतरी जायचंच. म्हणून सुरतच्या हॉस्पिटलात पॅक्लिटॅक्सेल या कॅन्सरच्या औषधाचा पहिला डोस झाला तेव्हा नर्सनं फेकायला काढलेलं खोकं तिनं मागून घेतलं आणि रिपोर्टांच्या पिशवीत घातलं. तीन आठवड्यांनी दुसऱ्या डोसला गेली, तर टेबलावर वेगळंच खोकं. आधीचं निळं होतं, हे हिरवट. कंपनी वेगळी, नाव वेगळं. सुई टोचून झाली होती, तरी मावशीनं हात पदराखाली घेतला आणि जाहीर केलं, "हाई मन्हं औषध नही शे."

नर्स म्हणाली, "वही है, माजी." मावशी म्हणाली, "नही शे." असं दोन-तीनदा झालं. मग मावसभावानं दोन्ही खोक्यांचे फोटो काढून मला पाठवले. शहाद्याला माझं मेडिकल आहे, त्यामुळे घरातल्या कुठल्याही गोळीचा, मलमाचा, टॉनिकचा खटला शेवटी माझ्याच कोर्टात येतो.

फोटो मोठा करून पाहिला. दोन्ही खोक्यांवर एक ओळ अक्षरशः सारखी होती: पॅक्लिटॅक्सेल इंजेक्शन, २६० एमजी. बाकी रंग, चिन्ह, कंपनीनं ठेवलेलं नाव सगळं निराळं. फोनवर मावशीला म्हटलं, "मावशी, रावेरची केळी आणि सावद्याची केळी. स्टिकर वेगळं, आत केळीच." तिनं हात बाहेर काढला. नर्स खोटं बोलत नव्हती, पण "तेच आहे" म्हणजे नक्की कोणतं तेच, हे तिनं बोट ठेवून दाखवलं असतं तर फोनची गरज पडली नसती. आणि मावशीनं अडून विचारलं ते शंभर टक्के बरोबर केलं. कॅन्सरच्या औषधाच्या बाबतीत दर वेळी नाव विचारणाऱ्या पेशंटला मी तरी कटकट्या म्हणणार नाही.

(खोकं घरी आणलं तर हरकत नाही. काचेची कुपी मात्र कधीच आणू नका. तिच्यात राहिलेला थेंबही विषारी कचऱ्यात मोडतो, तो हॉस्पिटलच्या पिवळ्या पिशवीतच गेला पाहिजे.)

तर ही ओळ काय असते ते आधी. कोणत्याही औषधाला निदान तीन नावं असतात. एक रसायनशास्त्राचं, हातभर लांब, ते आपण सोडून देऊ. दुसरं मूळ नाव, ज्याला आपण जेनेरिक म्हणतो. तिसरं कंपनीनं ठेवलेलं, म्हणजे ब्रँड. मूळ नाव जागतिक आरोग्य संघटनेची समिती ठरवते. अशा नावांची पहिली यादी १९५३ साली निघाली आणि अजूनही नव्या याद्या निघत असतात. या नावावर कुणाचा सातबारा नाही. जगातल्या कुठल्याही कारखान्यानं ते औषध बनवलं तरी हे नाव तेच राहतं. ब्रँड हा कंपनीच्या मालकीचा, दुकानाच्या पाटीसारखा. आपल्याकडे २०१८ साली नियम बदलला, तेव्हापासून मूळ नाव ब्रँडपेक्षा निदान दोन फॉन्ट साइज मोठं छापायचं आहे. पण रंगीत, नक्षीदार ब्रँडवर डोळा आधी जातो, हे काउंटरच्या या बाजूला उभा राहून मी रोज बघतो.

मूळ नाव वाचायची युक्ती अशी, की ते शेवटाकडून वाचायचं. शेवटचा तुकडा म्हणजे औषधाचं आडनाव. 'टॅक्सेल' हे असंच एक आडनाव आहे. पॅक्लिटॅक्सेल, डोसेटॅक्सेल, कॅबाझिटॅक्सेल हे तिघं एका घरातले. आडनावावरून कूळ कळतं आणि कुळावरून औषध साधारण काम कसं करतं तेही कळतं. आधीचा तुकडा फक्त भाऊ वेगळे ओळखू यावेत म्हणून.

आता हे 'टॅक्स' कुठून आलं? आयकराशी त्याचा संबंध नाही, हे आधी सांगतो, कारण एका गिऱ्हाइकानं बिलाकडे बघून मला तसं खरंच विचारलं होतं. 'टॅक्सस' हे यू नावाच्या झाडाचं लॅटिन नाव. थंड प्रदेशातलं, सुयांसारख्या चपट्या पानांचं, फार सावकाश वाढणारं झाड. आपल्या हिमालयात त्याचा भाऊबंद आहे, तिकडे त्याला थुनेर म्हणतात. सातपुड्यात शोधायला जाऊ नका, इथे ते नाही. लाल फळाचा गर सोडला तर या झाडाचा प्रत्येक भाग विषारी असतो. बी चावली तर तीही.

ऑगस्ट १९६२. अमेरिकेच्या शेतकी खात्यातले वनस्पतिशास्त्रज्ञ आर्थर बार्कले यांनी वॉशिंग्टन राज्यातल्या जंगलात पॅसिफिक यू या झाडाची साल गोळा केली. त्या काळी लाकूडतोडे या झाडाला कचऱ्यात धरत. मोठी झाडं तोडून झाली की हे पालापाचोळ्याबरोबर जाळून टाकायचे. तिकडच्या राष्ट्रीय कर्करोग संस्थेनं हजारो वनस्पती तपासायचा कार्यक्रम हाती घेतला होता, त्यातलीच ही एक. साल पुढे नॉर्थ कॅरोलिनातल्या रिसर्च ट्रँगल इन्स्टिट्यूट या संस्थेत पोचली, मनरो वॉल यांच्या प्रयोगशाळेत. आणि त्या प्रयोगशाळेत १९६२ सालीच एक नवा रसायनशास्त्रज्ञ कामाला लागला होता, ज्याचा जन्म २० फेब्रुवारी १९२५ रोजी आपल्या नंदुरबारला झाला होता. मनसुख वाणी.

मी डी.फार्म. केलं तेव्हा हे मला कुणी सांगितलं नव्हतं. पुस्तकात 'वॉल आणि वानी' असं वाचलं होतं आणि वानी हे कुणी इटालियन असावेत असं धरून चाललो होतो. नंदुरबारचं रेल्वे स्टेशन, मिरचीच्या पथाऱ्या, शिरीषकुमारचा चौक हे सगळं ज्या गावाशी जोडलेलं, त्या गावाचा माणूस टॅक्सॉल, म्हणजे हेच पॅक्लिटॅक्सेल, शोधणाऱ्या दोघांपैकी एक आहे हे कळलं तेव्हा मी दुकानात एकटाच होतो, त्यामुळे सांगायला कुणी नव्हतं. वाणी यांचं शिक्षण मुंबई विद्यापीठात झालं, पुढे अमेरिकेत इंडियाना विद्यापीठातून डॉक्टरेट. त्यांच्या जन्माच्या वेळी नंदुरबार पश्चिम खानदेश जिल्ह्यात होतं. नंदुरबार जिल्हा झाला तो १९९८ साली, म्हणजे त्यांच्या औषधाला परवानगी मिळाल्यावर सहा वर्षांनी.

सालीचा अर्क कॅन्सरच्या पेशींना मारतो हे १९६४ साली दिसलं. पण अर्कात शेकडो पदार्थ असतात, त्यातला कोणता मारतो हे शोधणं म्हणजे पोत्यातल्या तुरीतून एकच विशिष्ट दाणा काढणं. १२ किलो वाळलेल्या सालीतून शेवटी हाती लागलं अर्धा ग्रॅम शुद्ध द्रव्य. अर्धा ग्रॅम म्हणजे चिमूटभर मीठ. रेणूची रचना अजून माहीत नव्हती, पण तो टॅक्ससपासून आला आहे आणि त्यात अल्कोहोलचे गट आहेत एवढं कळलं होतं. रसायनशास्त्रात अशा पदार्थाच्या नावाला शेवटी 'ऑल' लावतात, मेंथॉल, ग्लिसरॉलसारखं. म्हणून वॉल यांनी १९६७ साली नाव ठेवलं टॅक्सॉल. बाळाचा चेहरा दिसायच्या आधीच बारसं झालं म्हणा ना. चेहरा दिसायला १९७१ उजाडलं. रेणू इतका गुंतागुंतीचा होता की तो आधी दोन तुकड्यांत तोडावा लागला, तुकड्यांचे स्फटिक क्ष-किरणांनी तपासले आणि मग पूर्ण आकृती जुळवली. त्या शोधनिबंधावर पहिलं नाव वाणी यांचं आहे.

पुढची काही वर्षं हे द्रव्य कपाटात पडून राहिल्यासारखंच होतं. पाण्यात विरघळत नाही, मिळतं थोडं, आणि त्याचा गुण इतर औषधांपेक्षा काय वेगळा ते कुणाला माहीत नव्हतं. १९७९ साली न्यूयॉर्कच्या सुझन हॉर्विट्झ यांनी ते दाखवलं, आणि ते खरोखर और होतं.

पेशी दुभंगताना आतल्या गुणसूत्रांच्या दोन सारख्या वाटण्या होतात. एक वाटणी एका टोकाला, दुसरी दुसऱ्या टोकाला ओढून न्यावी लागते. ओढायला पेशीत बारीक नळ्यांच्या दोऱ्या तयार होतात. विहिरीतून बादली काढतो ते आठवा. दोर सोडायचा, बादली अडकवायची, दोर गोळा करत वर घ्यायची. दोर गोळा झाला नाही तर बादली तळाशीच. पॅक्लिटॅक्सेल नेमकं हेच करतं. ते या दोऱ्यांना चिकटून त्यांना लोखंडी गजासारखं ताठ करून टाकतं. दोर विहिरीत उतरतो, बादलीला लागतो, पण परत गोळा होत नाही. पेशी अर्ध्यावर अडकते आणि मरते.

यात गंमत अशी की याच दोऱ्यांवर काम करणारं औषध आधीपासून होतं, आणि ते आपल्या अंगणातलं आहे. सदाफुली. तिचं जुनं शास्त्रीय नाव व्हिंका, त्यावरून व्हिनक्रिस्टिन आणि व्हिनब्लास्टिन. या कुळाचं आडनाव शेवटी नाही, नावाच्या सुरुवातीला लागतं, 'व्हिन'. ही औषधं दोर वळूच देत नाहीत. टॅक्सेल वळलेला दोर सुटू देत नाही. परिणाम एकच, रस्ते उलटे. आणि हो, सदाफुलीची पानं चावून कॅन्सर जातो असं सांगणारे आपल्याकडे गावोगाव आहेत. व्हिनक्रिस्टिन मोठ्या माणसालाही एका वेळी साधारण २ मिलिग्रॅमच्या वर देत नाहीत, तेही शिरेतून, मोजून. पानातून पोटात काय, किती गेलं हे कुणी मोजलेलं नसतं. ज्याची केमो चालू आहे त्यानं तर हा उद्योग अजिबात करू नये.

नाव बदललं ते १९९२ साली. त्या वर्षाच्या अखेरीस अमेरिकेत हे औषध अंडाशयाच्या कॅन्सरसाठी मंजूर झालं, बनवणारी कंपनी ब्रिस्टल-मायर्स स्क्विब. रेणूवर पेटंट नव्हतं, पण कंपनीनं 'टॅक्सॉल' हा शब्दच ट्रेडमार्क म्हणून नोंदवला. पंचवीस वर्षं शास्त्रज्ञ ज्या नावानं लिहीत-बोलत होते ते एका कंपनीचं झालं, आणि औषधाला नवं मूळ नाव मिळालं पॅक्लिटॅक्सेल. मला विचाराल तर हे गावविहिरीला आपलं कुलूप लावण्यासारखं झालं. बऱ्याच रसायनशास्त्रज्ञांनाही ते रुचलं नाही आणि आपसात ते टॅक्सॉलच म्हणत राहिले. म्हणूनच आज डॉक्टर बोलताना टॅक्सॉल म्हणतात, फाइलमध्ये पॅक्लिटॅक्सेल लिहितात, वॉर्डात नुसतं 'पॅक्ली' चालतं, आणि खोक्यावर चौथंच काहीतरी असतं. चारही एकच.

फाइलवरच्या लघुनावांत ही जुनी नावं अजून जिवंत आहेत. मावशीच्या फाइलवर 'एसी-टी' लिहिलेलं होतं. स्तनाच्या कॅन्सरमध्ये हे फार चालतं. त्यातला 'टी' म्हणजे टॅक्सॉल, ब्रँड. 'सी' म्हणजे सायक्लोफॉस्फामाइड, हे मूळ नाव. आणि 'ए' म्हणजे ॲड्रियामायसिन, पुन्हा ब्रँड. त्याचं मूळ नाव डॉक्सोरुबिसिन. इटलीत सापडलेलं, म्हणून एड्रियाटिक समुद्रावरून ॲड्रियामायसिन, आणि रंग माणकासारखा, म्हणून 'रुबिसिन'. मावशी त्याला लाल पाणी म्हणायची. ते घेतल्यावर एक-दोन दिवस लघवी लालसर होते. पहिल्या वेळी हे कुणी सांगितलं नव्हतं, तेव्हा काकांनी रात्री अकराला मला फोन केला होता. रक्त नाही, औषधाचा रंग आहे म्हटल्यावर त्यांनी एवढा मोठा श्वास सोडला की मला तो शहाद्यात ऐकू आला. चार डोस लाल पाण्याचे झाले की मग टॅक्सॉल. हे बिनरंगी, फार तर किंचित पिवळसर.

आता कुपीकडे. पॅक्लिटॅक्सेल पाण्यात विरघळत नाही म्हटलं ना, मग ते शिरेतून कसं देतात? अल्कोहोल आणि प्रक्रिया केलेलं एरंडेल यांच्या मिश्रणात. होय, एरंडेलच, आजी जुलाबाला द्यायची त्याचंच रसायनानं बदललेलं रूप. काही पेशंटना या तेलाची जोरदार ॲलर्जी येते. चेहरा लाल होतो, छाती आवळल्यासारखी वाटते, श्वास लागतो. म्हणून आधी स्टेरॉइड, ॲलर्जीचं आणि ॲसिडिटीचं इंजेक्शन देतात आणि मगच बाटली लावतात. मावशीला वाटायचं, ही आधीची इंजेक्शनं म्हणजे बिल फुगवायचा धंदा. तसं नाही. तीच तिचं रक्षण करत होती. हे तेल साध्या प्लॅस्टिकच्या नळीतून प्लॅस्टिक मऊ करणारं द्रव्यही ओढून घेतं, म्हणून नळी वेगळ्या प्रकारची लागते आणि तिच्यात बारीक फिल्टर असतो. बिलात 'सेट' म्हणून वेगळी किंमत दिसते ती त्याची. औषध सावकाश जातं. तीन आठवड्यांतून एकदाचा डोस असेल तर तीन तास, दर आठवड्याचा लहान डोस असेल तर साधारण तासभर. पहिली दहा-पंधरा मिनिटं पेशंटजवळून हलू नये. काही वेगळं वाटलं तर लगेच हाक मारायची, संकोच करायचा नाही.

डोस माणसाच्या अंगाच्या क्षेत्रफळावरून काढतात. मावशीची उंची १५२ सेंटिमीटर, वजन ५५ किलो. त्यावरून क्षेत्रफळ येतं दीड चौरस मीटरच्या थोडं वर. दर चौरस मीटरला १७५ मिलिग्रॅम या हिशेबानं डोस होतो २६६ च्या आसपास, आणि डॉक्टरांनी लिहिलं होतं २६०. शेजारच्या खाटेवरच्या बाईला ३०० लागत असेल तर तिचा आजार मोठा असं नव्हे, ती उंच किंवा जाड आहे इतकंच. दर वेळी वजन करतात ते याचसाठी, चपला काढून उभं राहा.

भावाभावांतला गोंधळ मात्र धोक्याचा. डोसेटॅक्सेलचा पहिला ब्रँड होता टॅक्सोटेअर. टॅक्सॉल आणि टॅक्सोटेअर, कानाला जवळपास एकच. औषधं वेगळी, डोस वेगळे. डोसेटॅक्सेलचं मूळ द्रव्य युरोपातल्या यूच्या पानांतून काढतात, आणि ते एरंडेलात न घालता वेगळ्याच द्रावकात घालतात. यांची अदलाबदल जगभर झालेली आहे. आणखी एक भाऊ दिसायला अगदी जवळचा, नॅब-पॅक्लिटॅक्सेल. 'नॅब' म्हणजे औषध अल्ब्युमिन या रक्तातल्या प्रथिनाच्या अतिसूक्ष्म कणांना बांधलेलं. यात एरंडेल नाही, म्हणून ॲलर्जीची भीती कमी, वेळही साधारण अर्धा तासच. पण याचा डोस निराळा आणि किंमत बरीच जास्त. ओळखायची सोपी खूण आहे: साधं पॅक्लिटॅक्सेल पाण्यासारखं स्वच्छ दिसतं, नॅब दुधासारखं पांढुरकं. कुणी खोकं दाखवून "दोन्ही पॅक्लीच आहे, चालेल" म्हणालं तर थांबवा. इथे ब्रँड बदलण्याचा प्रश्न नाही, प्रकारच बदलतो, आणि तो डॉक्टरांनी लिहिल्याशिवाय बदलायचा नसतो.

दुकानात ठेवायला मी कॅन्सरची इंजेक्शनं ठेवत नाही, पण गोळ्या येतात, आणि चिठ्ठ्या वाचून दाखवायला लोक येतात. त्यामुळे बाकीची काही आडनावं सांगतो. 'प्लॅटिन' म्हणजे प्लॅटिनम धातू, तोच, जो आता जळगावच्या सराफ्यात अंगठ्यांमध्ये दिसतो. सिस्प्लॅटिन, कार्बोप्लॅटिन, ऑक्सॅलिप्लॅटिन. 'टिनिब' म्हणजे पेशीला वाढायचा हुकूम देणारं बटण बंद करणाऱ्या गोळ्या, इमॅटिनिबसारख्या. 'मॅब' म्हणजे प्रयोगशाळेत बनवलेली अँटीबॉडी, ट्रास्टुझुमॅब, रिटुक्सिमॅब. २०२१ पासून नव्या अँटीबॉडींना 'मॅब' देणं बंद झालंय, त्यांना 'टग', 'बार्ट' अशी आडनावं मिळतात.

आणि 'टेकान'. टोपोटेकान, इरिनोटेकान. याचं मूळ द्रव्य कॅम्प्टोथेसिन, चीनमधल्या एका झाडातून १९६६ साली वेगळं केलं, आणि ते करणारेही पुन्हा वॉल आणि वाणीच. एका जोडीनं कॅन्सरच्या औषधांची दोन घराणी उभी करणं ही साधी गोष्ट नव्हे. हेच द्रव्य पुढे आपल्या सह्याद्रीतल्या नरक्या नावाच्या झाडातही सापडलं. घाण वासाचं झाड, म्हणून नाव नरक्या. त्याची इतकी चोरटी तोड झाली की वनखात्याला त्याच्यामागे पहारा ठेवावा लागला.

आडनाव अर्धंच वाचलं तर मात्र झोल होतो, आणि हा शब्द मी मुद्दाम वापरतोय. ओमेप्राझोल ॲसिडिटीची गोळी. फ्लुकोनाझोल बुरशीची. लेट्रोझोल स्तनाच्या कॅन्सरची. तिघांत 'झोल' आहे म्हणून ती सारखी नाहीत. आडनावं आहेत 'प्राझोल', 'कोनाझोल' आणि 'ट्रोझोल'. एक बाई लेट्रोझोलची पट्टी घेऊन आल्या, म्हणाल्या, "ही सकाळी उपाशीपोटीचीच ना, गॅसची?" शेजारणीनं तसं सांगितलं होतं.

सगळ्यात जास्त झोप उडवणारं नाव माझ्या दुकानात मेथोट्रेक्सेट. हे कॅन्सरचंही औषध आहे आणि संधिवाताचंही. संधिवातासाठी ते लहान डोसमध्ये आठवड्यातून एकदाच घ्यायचं असतं. रोज घेतलं तर जिवावर बेततं, तोंडात फोड येतात, रक्तातल्या पेशी कोसळतात. आपल्याकडे गोळी म्हटली की रोजची, हेच डोक्यात पक्कं बसलेलं. म्हणून मी पाकिटावर लाल पेनानं वार लिहितो: 'फक्त सोमवार'. आणि पेशंटकडून तो वार मोठ्यानं म्हणवून घेतो. उलटंही होतं. सांधे दुखतात म्हणून ही गोळी मिळालेला माणूस मोबाइलवर नाव टाकतो, 'कॅन्सर' वाचतो आणि गोळी बंद करून घरी रडारड. नाव एक, कामं दोन, हे औषधांत सर्रास असतं. पॅक्लिटॅक्सेलचंच बघा. अंडाशय, स्तन, फुप्फुस इथल्या कॅन्सरला ते वापरतात, आणि हृदयाच्या काही स्टेंटवर त्याचाच लेप असायचा, कारण रक्तवाहिनीच्या पेशी वाढून नळी पुन्हा बंद होऊ नये. त्यातल्या एका स्टेंटचं ब्रँडनाव तर टॅक्ससच होतं. आपल्या स्टेंटच्या कागदावर हे नाव वाचून मला कॅन्सर झालाय का असं विचारायला एक गुरुजी आले होते.

मावसभावाला मी एक वही घालून दिली. प्रत्येक डोसच्या तारखेला मूळ नाव, ब्रँड, कंपनी, मिलिग्रॅम आणि कुपीवरचा बॅच नंबर. खोक्याचा फोटो तर काढायचाच. काही त्रास झाला आणि दुसऱ्या गावच्या डॉक्टरकडे जावं लागलं तर "लाल पाणी झालं, आता पांढरं चालू आहे" यापेक्षा ही वही जास्त बोलते. ताप १००.४ फॅरनहाइटच्या वर गेला तर क्रोसिन देऊन सकाळची वाट बघायची नाही, हेही वहीच्या पहिल्या पानावर लिहिलंय. पांढऱ्या पेशी कमी झालेल्या असतात तेव्हा तो ताप साधा नसतो.

तिसऱ्या डोसनंतर मावशीच्या बोटांना बधीरपणा आला. कळण्याची भाकरी थापताना पीठ ओलं आहे की कोरडं तेच बोटांना कळेना. दोनदा भाकरी फाटली, तिसऱ्यांदा तिनं परात बाजूला सारली. हेही त्याच दोऱ्यांचं. आपल्या नसांचे तंतू लांबच लांब असतात आणि त्यांच्या आत मालाची ने-आण याच बारीक नळ्यांवरून होते. नळ्या ताठल्या की सगळ्यात लांबच्या टोकांना, म्हणजे बोटांना आणि तळव्यांना, आधी कळतं. हे डॉक्टरांना सांगायचंच असतं, कारण त्यावरून ते डोस कमी करतात किंवा लांबवतात. मावशी सांगणार नव्हती, भाकरी फाटली हे काय डॉक्टरला सांगायचं म्हणाली. वहीत ते आम्ही लिहिलं, आणि चौथा डोस जरा कमी झाला.

त्या चौथ्या डोसला मी स्वतः बरोबर गेलो होतो. तीन तास बसायचं, करमणूक म्हणून तिला ही झाडाची आणि वाणींची गोष्ट सांगितली. १२ किलो साल, अर्धा ग्रॅम औषध, ११ एप्रिल २०२० ला पंचाण्णव वर्षांचे होऊन ते अमेरिकेत वारले, सगळं. झाडाबद्दल तिनं काही विचारलं नाही. ट्रेडमार्कबद्दल तर नाहीच. बाटलीतला थेंब पडताना बघत ती थोडा वेळ गप्प बसली आणि मग म्हणाली, "नंदुरबारना वाणी? कोना पोऱ्या शे तो?"

मला माहीत नव्हतं. तिनं मोकळ्या हातानं फोन काढला आणि नंदुरबारच्या आपल्या नणंदेला लावला.